आधी स्टिरॉइड की आधी ऑपरेशन? दोन डॉक्टर, दोन मतं

वाचकाचं पत्र

डॉक्टर, नमस्कार. आमचे मालक ५१ वर्षांचे आहेत. शिरोली एमआयडीसीत फौंड्रीत भट्टीवर काम करतात. वर्षभर पाठ-कंबर दुखत होती म्हणून मेडिकलमधून गोळ्या आणून खायचे. दसऱ्याच्या आधी पाय सुजले, लघवी कमी झाली. तपासलं तर क्रिएटिनिन (किडनीचं काम दाखवणारी रक्ततपासणी) ५.२ आणि दोन्ही किडन्यांना सूज. त्याच दिवशी दोन्हीकडे डीजे स्टेंट, म्हणजे लघवीची वाट मोकळी ठेवणाऱ्या बारीक नळ्या, आत टाकले. त्या रात्री लघवीची पिशवी भरतेय आणि रिकामी करतोय असं झालं, आम्ही आणखीच घाबरलो. आता क्रिएटिनिन १.७ आहे.

सीटी स्कॅनमध्ये आलंय की पोटातल्या मोठ्या रक्तवाहिनीभोवती चिवट थर जमलाय आणि त्यानं किडनीतून लघवी आणणाऱ्या दोन्ही नळ्या आवळल्यात. सर्जन म्हणतात, ऑपरेशन करून नळ्या सोडवाव्या लागतील. किडनीचे डॉक्टर म्हणतात, आधी स्टिरॉइड देऊन बघू. आम्ही कुणाचं ऐकायचं? दीर म्हणतात, मुंबईला न्या. सासूबाई रोज हुलग्याचं पाणी देतात. मालकांचं एकच, 'ही आतली नळी काढा, लई जळजळतंय, कधी कधी लाल लघवी होते.' दर चैत्रात ते जोतिबाला गावाची सासनकाठी धरतात, यंदा जमेल का म्हणून आत्ताच विचारतात. मला रात्री झोप येत नाही. हा कॅन्सर तर नसेल? माझी किडनी द्यायची वेळ येईल का?

– एक भगिनी, कागल तालुका

उत्तर

ताई, शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण झोप त्यानंच उडवलीय. तुम्ही लिहिलंय त्यावरून आज किडनी देण्याचा विषयच नाही. स्टेंट टाकल्यावर ५.२ चं क्रिएटिनिन १.७ वर आलं, म्हणजे किडन्या मेलेल्या नव्हत्या, तुंबल्या होत्या. वाट मोकळी झाली तशा त्या कामाला लागल्या. त्या रात्री पिशव्या भरत होत्या तेही याच कारणानं. अडून राहिलेलं पाणी आणि क्षार किडनी एकदम बाहेर टाकते. एक-दोन दिवस नुसता पूर येतो. तेव्हा सलाईन, सोडियम-पोटॅशियम आणि बीपी यांवर डोळ्यांत तेल घालून लक्ष ठेवावं लागतं, ते तुमच्या डॉक्टरांनी ठेवलेलं दिसतंय. घाबरण्यासारखं दिसत असलं तरी ते सुधारणेचंच लक्षण होतं.

आता दोन डॉक्टरांचं भांडण. मला त्यात भांडण दिसत नाही. दोघांचंही बरोबर आहे, प्रश्न आहे तो आधी काय आणि नंतर काय याचा. तो क्रम ठरवायला एक गोष्ट हातात लागते, ती म्हणजे त्या थराचा तुकडा तपासल्याचा रिपोर्ट, निदान तो तपासायचा की नाही याचा स्पष्ट निर्णय. तुमच्या पत्रात त्याचा उल्लेखच नाही. म्हणून माझ्या दृष्टीनं स्टिरॉइड की ऑपरेशन हा दुसरा प्रश्न झाला. 'तो थर नेमका कशाचा आहे?' हा पहिला.

किडनीपासून मूत्राशयापर्यंत येणारी नळी साधारण २५ ते ३० सेंटीमीटर लांब आणि जेमतेम काही मिलिमीटर रुंद असते. आतडी ज्या पडद्यात असतात त्याच्या मागून, कण्याला समांतर ती खाली उतरते. शेजारीच महाधमनी, म्हणजे पोटातली ती मोठी रक्तवाहिनी, असते. काही माणसांत या महाधमनीभोवती, साधारण किडनीच्या रक्तवाहिन्यांच्या खालून, सूज येऊन पांढरट, चिवट, कातड्यासारखा थर वाढायला लागतो. तो पसरताना दोन्ही बाजूंच्या नळ्यांना कवेत घेतो आणि मधोमध ओढतो. नळीच्या आत काहीच अडकलेलं नसतं. उसाला पाणी देणाऱ्या रबरी पाइपवर ट्रॅक्टरचं चाक उभं राहिलं तर पाइप आतून कितीही धुऊन उपयोग नाही, तसं आहे हे. म्हणून सासूबाईंच्या हुलग्याच्या पाण्यानं इथं काही होणार नाही. हा मुतखडा नाही. हुलगे जेवणात माडगं म्हणून खावेत, पण औषध म्हणून तांब्याच्या तांब्या पाणी पाजणं थांबवा. क्रिएटिनिन अजून पूर्ण नॉर्मल नाही, तेव्हा दिवसाला किती पाणी प्यायचं हे किडनीच्या डॉक्टरांनी सांगितलेल्या मापानंच ठरू दे.

या दुखण्याचं वर्णन फ्रान्समध्ये आल्बारान यांनी १९०५ मध्ये केलं होतं, पण ते मागे पडलं. १९४८ मध्ये अमेरिकेतले मूत्रविकारतज्ज्ञ जॉन ऑर्मंड यांनी ते पुन्हा मांडलं, म्हणून पुस्तकांत त्याला ऑर्मंडचा आजार असंही म्हणतात. रिपोर्टवर 'रेट्रोपेरिटोनियल फायब्रोसिस' असं लांबलचक नाव असेल. हा विरळा आजार आहे. चाळिशी ते साठीच्या पुरुषांत जास्त दिसतो. सुरुवातीला फक्त बोथट पाठदुखी, थकवा, थोडं वजन उतरणं एवढंच असतं. त्यामुळे भट्टीवर ओझी उचलणाऱ्या माणसाला 'कंबर भरली असेल' असंच सगळ्यांना वाटतं. वर्षभर कळलं नाही याचा दोष तुम्ही स्वतःकडे घेऊ नका.

कॅन्सरबद्दल. बहुतेक रुग्णांत, साधारण तीनात दोन किंवा त्याहून जास्त, कारण सापडतच नाही आणि तो थर कॅन्सरचा नसतो. शरीराची स्वतःची प्रतिकारशक्तीच तिथं बिथरलेली असते. आयजीजी-४ नावाच्या प्रथिनाशी जोडलेला एक प्रकार आहे, त्याची रक्ततपासणी होते. पण लिम्फोमासारखा कॅन्सर किंवा दुसरीकडचा पसरलेला कॅन्सर सीटीवर हुबेहूब असाच दिसू शकतो, आणि आपल्याकडे टीबीही विसरून चालत नाही. हे डोक्यातून काढल्याशिवाय स्टिरॉइड सुरू करणं मला पटत नाही. टीबी असताना नुसतं स्टिरॉइड दिलं तर तो उसळतो. लिम्फोमा असेल तर तो स्टिरॉइडनं काही दिवस आकसतो आणि मग तुकडा तपासला तरी धड उत्तर येत नाही. सीटीचं चित्र अगदी ठरावीक असेल तर काही तज्ज्ञ तुकडा न काढताही औषध सुरू करतात, ते चूक नाही. मात्र तसं का ठरवलं हे त्यांनी तुम्हाला समजावून सांगायला हवं.

आणखी दोन गोष्टी डॉक्टरांनी विचारल्या नाहीत तरी सांगा. एक, मालक विडी-सिगरेट ओढतात का आणि भट्टीवर पूर्वी कधी अ‍ॅस्बेस्टॉसचे हातमोजे, दोर, पत्रे हाताळलेत का. या आजाराचा दोन्हींशी संबंध आढळलेला आहे. विडी असेल तर ती आजच सुटली पाहिजे, यावर मी अर्धी-पाव अशी तडजोड करत नाही. दुसरी, पाठदुखी, डोकेदुखी, बीपी यांसाठी वर्षानुवर्षं घेतलेल्या गोळ्यांची रिकामी पाकिटं. असतील नसतील तेवढी पिशवीत घालून न्या. अर्धशिशीवरच्या काही जुन्या औषधांनी हा थर तयार होतो हे माहीत आहे. आणि मेडिकलमधल्या त्या पाठदुखीच्या गोळ्यांनी, डायक्लोफिनॅकसारख्या, आधीच तुंबलेल्या किडनीवर आणखी घाव घातला असणार. त्या यापुढे कायमच्या बंद. दुखलं तर काय घ्यायचं ते डॉक्टरांकडून लिहून घ्या आणि तो कागद मेडिकलवाल्याला दाखवा.

तपासणीत कॅन्सर आणि टीबी नाही असं ठरलं, तर किडनीच्या डॉक्टरांचं म्हणणं मला आधी करून बघण्यासारखं वाटतं. थर अजून ताजा, सुजलेला असेल (ईएसआर-सीआरपी या सूज दाखवणाऱ्या रक्ततपासण्या वाढलेल्या असतील तर तसा अंदाज येतो) तर स्टिरॉइडनं तो बऱ्याच जणांत आकसतो, पाठदुखी तर काही दिवसांतच हलकी होते. डोस सुरुवातीला मोठा असतो आणि मग महिनोन्‌महिने हळूहळू उतरवतात. स्टिरॉइड झेपत नसेल किंवा पुरेसं पडत नसेल तर मायकोफेनोलेट, मेथोट्रेक्सेट अशी दुसरी औषधं जोडतात. शुगर चढणं, बीपी, अ‍ॅसिडिटी, तोंड सुजल्यासारखं दिसणं, जंतुसंसर्ग लवकर होणं हे सगळं स्टिरॉइडबरोबर येतं, त्याची तयारी ठेवा. बरं वाटलं म्हणून एका दिवसात गोळी बंद केली तर माणूस चक्कर येऊन कोसळू शकतो, हे घरातल्या सगळ्यांना सांगून ठेवा. साधारण महिना-दोन महिन्यांनी पुन्हा स्कॅन होतो आणि थर हललाय की जिथल्या तिथं बसलाय ते कळतं.

सर्जनचं म्हणणं केव्हा वरचढ ठरतं? सुईनं तुकडा मिळत नाही किंवा मिळाला तरी उत्तर संशयास्पद येतं तेव्हा. औषधानं थर हलत नाही तेव्हा, कारण जुना होऊन दगडासारखा घट्ट झालेला थर औषधाला दाद देत नाही. स्टेंट असूनही क्रिएटिनिन चढतंय तेव्हा. डायबेटिस फार वाढलेला आहे, स्टिरॉइड देणंच धोक्याचं आहे, तेव्हाही. यातलं काही मालकांना लागू असेल आणि सर्जन म्हणूनच ऑपरेशन सुचवत असतील, तर त्यांना घाई झालीय असं समजू नका.

या ऑपरेशनबद्दल सविस्तर सांगते, कारण 'नळ्या सोडवतात' एवढ्यावर माणसं सही करतात. पूर्ण भूल देऊन पोट उघडतात किंवा दुर्बिणीतून जातात. आतडी बाजूला करून मागचा पडदा उघडतात. नळी जिथं अजून मोकळी, फुगलेली आहे ती जागा वरच्या बाजूला आधी शोधतात आणि तिथून खाली थरात शिरतात. आत टाकलेला स्टेंट हाताला लागतो, त्यामुळे नळी कुठं आहे ते ओळखायला मदत होते. मग थर चिरत, सोलत नळी त्यातून बाहेर काढायची. हे काम वेळखाऊ असतं, कारण नळीच्या अंगावरून बारीक रक्तवाहिन्या गेलेल्या असतात. त्या सगळ्या खरवडल्या गेल्या तर नळी सुटते, पण पुढं रक्तपुरवठ्याविना आकसते किंवा गळायला लागते. शेजारी महाधमनी आणि महाशीर आहेत, त्यामुळे रक्ताची सोय ठेवूनच ऑपरेशन सुरू करतात. थराचे खोलवरचे तीन-चार तुकडे याच वेळी तपासायला पाठवतात.

नुसती सोडवून नळी तिथंच ठेवली तर उरलेला थर तिला पुन्हा गिळतो. म्हणून दुसरा अर्धा भाग पहिल्याइतकाच महत्त्वाचा आहे. नळी त्या जागेवरून बाहेरच्या बाजूला सरकवतात किंवा पडद्याच्या आत, आतड्यांच्या बाजूला आणतात, आणि अनेकदा पोटातल्या चरबीच्या पदराचा, म्हणजे ओमेंटमचा, तिच्याभोवती वेढा देतात. हा पदर रक्तानं भरलेला असतो. तो नळीला संरक्षणही देतो आणि रक्तही. सर्जनना विचारा, 'सोडवल्यावर नळी कुठं ठेवणार? गुंडाळणार का?' दोन्ही बाजूंचं एकदमच करणार का, हेही विचारा. एका बाजूला त्रास असला तरी पुष्कळ सर्जन दोन्ही सोडवतात, तुमच्याकडे तर दोन्हीकडे आवळलंय. नळीचा एखादा भाग इतका खराब निघाला की सोडवूनही उपयोग नाही, तर पर्यायी बेत काय, हाही प्रश्न सहीच्या आधीचा आहे.

त्याआधी एक तपासणी झाली नसेल तर करून घ्या. किडनीचा आयसोटोप स्कॅन असतो, डीटीपीएसारखा, त्यात कोणती किडनी किती टक्के काम करते ते कळतं. क्रिएटिनिन दोघींची मिळून बेरीज सांगतं. एक किडनी पार निकामी झालेली असेल तर तिची नळी सोडवण्यात तासन्‌तास घालवण्यात अर्थ नाही.

ऑपरेशननंतर आतडी काही दिवस सुस्त राहतात, पोट फुगतं, तोंडानं खायला उशिरा मिळतं. उघड्या ऑपरेशनला साधारण आठवडाभर दवाखान्यात, दुर्बिणीतून झालं तर त्याहून कमी. स्टेंट लगेच निघत नाहीत, सहसा सहा-आठ आठवडे ठेवतात. आणि ऑपरेशन झालं म्हणून औषध टळलंच असं नाही. नळी सुटते, मूळ आजार तिथंच असतो. बऱ्याच जणांना नंतरही स्टिरॉइड लागतं. मला वाटतं, तुमच्या दोन्ही डॉक्टरांचं बोलणं इथंच एकत्र येतं. शक्य असेल तर दोघांना एकाच दिवशी, सगळी फाइल घेऊन भेटा, नाहीतर एकाला दुसऱ्याशी फोनवर बोलायची विनंती करा. पेशंटच्या बायकोनं दोघांमध्ये निरोप्याचं काम करू नये.

मुंबईचं म्हणाल तर महालक्ष्मी एक्स्प्रेसनं रात्री बसलं की सकाळी पोचता येतं, ते अवघड नाही. पण मी गाव बघून ठरवणार नाही. सर्जनना सरळ विचारा, 'तुम्ही स्वतः असं ऑपरेशन केलंय का, रक्तवाहिन्यांचा सर्जन मदतीला असतो का, गरज पडली तर डायलिसिस आणि रक्तपेढी हाताशी आहे का?' राग मानणारा डॉक्टर असेल तर तेच उत्तर समजा. 'हो' म्हणणारा कोल्हापुरात असेल तर घराजवळ, माणसांत ऑपरेशन झालेलं बरं, कारण पुढच्या भेटी वर्षानुवर्षं आहेत. दुर्बीण की उघडं, याचाही निर्णय त्या सर्जनच्या हाताला काय सरावाचं आहे त्यावर सोडा. दुसरं मत हवंच असेल तर सीटीची सीडी आणि तपासलेल्या तुकड्याच्या काचा (स्लाइड) घेऊन जा, नुसता छापील रिपोर्ट नको.

खर्चाचं तुम्ही लिहिलं नाही, पण मनात असणार. मालकांच्या पगारातून ईएसआयचे, म्हणजे कामगार विम्याचे, पैसे कापले जात असतील तर आधी तिथं चौकशी करा. नाहीतर महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेचं कवच कुटुंबामागे वर्षाला ५ लाखांपर्यंत आहे. कोल्हापूरच्या सीपीआर या सरकारी दवाखान्यात किंवा योजनेतल्या दवाखान्यात आरोग्यमित्र, म्हणजे योजनेचे मदतनीस, बसतात, त्यांना डॉक्टरांनी लिहिलेलं ऑपरेशनचं नाव दाखवून ते योजनेत कसं बसतं ते भरती होण्याआधी विचारून घ्या. भरती झाल्यावर कागद शोधत पळण्यात दिराचा दिवस जातो.

आता मालकांशी बोलते. दादा, ती नळी आज काढायची नाही. जळजळ, घाईची लघवी, लघवी करताना बरगडीखाली कळ, दगदग केल्यावर लालसर लघवी हे सगळं स्टेंटचंच आहे. त्रासदायक आहे, पण तुमच्या किडन्या आत्ता त्या दोन नळ्यांवर चालू आहेत. जळजळ कमी करायला गोळ्या मिळतात, टॅमसुलोसिनसारख्या. त्या मागून घ्या, सोसत बसू नका. मात्र थंडी वाजून ताप आला, लघवी एकदम कमी झाली, रक्ताच्या गाठी पडल्या किंवा उलट्या सुरू झाल्या तर सकाळची वाट बघायची नाही, रात्रीच दवाखाना गाठायचा. बाहेरून दाब असतो तेव्हा स्टेंट कधी कधी आत असूनही काम करेनासा होतो. मग पाठीतून थेट किडनीत नळी घालून लघवी काढावी लागते. तेही तात्पुरतंच असतं, त्याला भिऊ नका.

सासनकाठीचं मात्र यंदा विसरा. पोटाचं ऑपरेशन जानेवारी-फेब्रुवारीत झालं तर चैत्रापर्यंत वरची कातडी भरून येईल, पोटाची आतली भिंत नाही. तिथं ती उंच काठी कमरेला टेकवून तोलायची म्हणजे हर्नियाला आमंत्रण. ऑपरेशन न होता स्टिरॉइड चालू असलं तरी यात्रेच्या गर्दीत आणि उन्हात तासन्‌तास काठी नाचवणं बरं नाही. दर्शनाला जा, गर्दी ओसरल्यावर जा. भट्टीवरही डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय परतू नका. त्या उष्णतेत घामानं अंगातलं पाणी जातं आणि किडनीला ते आत्ता परवडणारं नाही. कंपनीत पॅकिंग, स्टोअर असं हलकं काम मिळतं का ते बघा.

ताई, जेवणात मीठ हात आखडून. तांबडा-पांढरा कायमचा बंद असं मी म्हणणार नाही, पण वाटीवर वाटी रस्सा म्हणजे वाटीवर वाटी मीठ, आणि स्टिरॉइड चालू असताना ते अंगावर पाणी धरतं. लोणचं, पापड, चटणी-मीठ हे आधी ताटातून काढा. बाकी पोटॅशियम किती आहे त्यावर फळं-भाज्यांचं ठरेल, ते आहारतज्ज्ञांकडून लिहून घ्या. 'किडनीचा पेशंट' म्हणून शेजारपाजारच्या सल्ल्यानं डाळ, फळं, सगळंच बंद करू नका.

शेवटचं, आणि माझ्या मते तुमच्या हातातलं सगळ्यात मोठं काम. डीजे स्टेंट ठरावीक मुदतीत, साधारण तीन ते सहा महिन्यांत, बदलावे किंवा काढावे लागतात. नेमकी तारीख स्टेंटच्या प्रकारावर असते. दुखणं थांबलं, सण आला, ऊसतोड सुरू झाली, आणि स्टेंट पोटात विसरला गेला अशी माणसं दर वर्षी दवाखान्यात येतात. त्यावर खडे चढतात, तो मोडतो, आणि जो किडनी वाचवायला घातला तोच किडनी खातो. तुमचे स्टेंट दसऱ्याच्या आधीचे आहेत. डिस्चार्ज कार्डावर बदलायची तारीख लिहिलीय का ते आजच बघा. नसेल तर सर्जनना फोन करून विचारा आणि ती कालनिर्णयवर ठळक लिहा. औषधानं थर आकसला किंवा ऑपरेशन झालं तरी क्रिएटिनिन आणि सोनोग्राफी ठरावीक अंतरानं सुरूच राहतील. हा आजार काही वर्षांनी, पाठ अजिबात न दुखता परत येऊ शकतो, म्हणून 'दुखत नाही' हे तपासणी चुकवायचं कारण होऊ शकत नाही. तुकड्याचा रिपोर्ट आला की मला पुन्हा लिहा, पुढचं त्यावर बोलू.